कपाटात रडणारे गृहस्थ

सकाळच्या वेळी आमच्या घरात प्रत्येकाचं काहीतरी हरवलेलं असतं, आणि ते कुठे आहे हे फक्त मला ठाऊक असतं. त्या दिवशी मुलाचं भूगोलाचं पुस्तक हरवलं होतं, ह्यांचा एक पायमोजा हरवला होता आणि गॅसवर दूध चढलं होतं. स्वयंपाकघराच्या फरशीवर समोरच्या घरातली गुंडी बसली होती. गुंडी नऊ महिन्यांची. नावाप्रमाणे गोल, घट्ट, आणि नजर चुकली की घरंगळत जाऊन एखाद्या खुर्चीखाली सापडणारी. लाकडी चमचा घेऊन ती माझ्या पातेल्याला कसल्यातरी जुन्या अपराधाची शिक्षा देत होती.

तेवढ्यात कोणीतरी दार ठोठावलं. बेल असताना दार ठोठावणारी माणसं दोनच प्रकारची असतात, पोलीस आणि नातेवाईक.

दारात एक उंच, ताठ बाई उभ्या होत्या. हातात बॅग, केस मागे ओढून बांधलेले, आणि नजर आधी माझ्या पायपुसण्यावर, मग माझ्यावर. दोघांचंही फारसं काही जमलेलं नाही असा निकाल त्यांनी तिथल्या तिथे दिला. मी त्यांना ओळखलं. समोरच्यांच्या सासूबाई. एका मोठ्या हॉस्पिटलात नवजात बाळांच्या वॉर्डाच्या मेट्रन होत्या. नोकरीतून निवृत्त झाल्या होत्या, मेट्रनपणातून नव्हे.

"समोर बाळ रडतंय," त्या म्हणाल्या. "मी कधीची बेल दाबतेय. कोणी उघडत नाही. किल्ली आहे तुमच्याकडे?"

समोरच्या बंद दारामागून रडणं येत होतं खरं. चांगलं घसघशीत.

"ऐका." त्यांनी बोट वर केलं. "आधी लांब सूर, मग तुटक तुटक, मग श्वास धरून. पोटात वायू धरलाय. असं रडणं मी वॉर्डाच्या त्या टोकावरून ओळखायचे. आणि बाप कुठे आहे? लोळतोय?"

माझ्या पाठीमागे पातेल्यावर चमचा दणकन बसला. मेट्रनबाईंनी माझ्या खांद्यावरून आत डोकावलं. गुंडीने आजीकडे बघून सगळे, म्हणजे दोन, दात दाखवले.

"ही इथे कशी?"

"सकाळी थोडा वेळ असते माझ्याकडे."

"मग तिकडे कोण रडतंय?"

खोटं बोलायला मला जरा आधी सूचना लागते. "तुमचे जावई," मी म्हटलं.

"त्यांना वायू धरलाय का, ते मात्र आम्हाला माहीत नाही," हे आतून म्हणाले. एका पायात मोजा घालून ते गंमत बघायला आले होते.

आता या समोरच्या गृहस्थांबद्दल सांगायला हवं. बिल्डिंगमध्ये त्यांना आयाबुवा म्हणतात. नाव आमच्या ह्यांनीच ठेवलं, आणि मी रागावले तरी मलाही दुसरं सुचलं नाही. बायको भूलतज्ज्ञ. ती सकाळी हॉस्पिटलला जाते आणि दिवसभर लोकांना झोपवते. आयाबुवा घरी राहतात, पोर सांभाळतात आणि रडतात. रडणं हाच त्यांचा धंदा.

तुम्ही ते सिनेमे पाहिलेच असतील. आई कुठेतरी जाते. नोकरीला, माहेरी, किंवा कथेच्या सोयीसाठी सरळ देवाघरी. मग बापाच्या गळ्यात पोर पडतं. दूध उतू जातं, डायपर उलटा लागतो, बाळ बापाच्या टायवर शू करतं आणि प्रेक्षक हसून हसून बेजार होतात. शेवटी शेवटी एक गाणं येतं. त्या गाण्यात बाप डायपर सुलटा लावायला शिकतो आणि ऑफिसात त्याला बढती मिळते. हा आमच्या ह्यांचा लाडका प्रकार. असा एक सिनेमा घरी लावून हे पोट धरून हसत होते, तेव्हा मी शेजारीच मुलाला मांडीवर घेऊन त्याचं नाक पुसत होते, दुसऱ्या हाताने ह्यांच्या शर्टाची गुंडी शोधत होते आणि कान कुकरकडे होते. बापाने केलं की त्याचा सिनेमा होतो. आईने केलं की त्याला मंगळवार म्हणतात.

तर त्या सिनेमांत बाळ म्हणून जे रडतं, ते आमचे आयाबुवा. परक्या भाषेतला सिनेमा आपल्या भाषेत आणायचा तर आधीचं बोलणं पुसावं लागतं, आणि बाळं नेमकी बोलण्याच्या मधेच रडतात. त्यामुळे तेही पुसलं जातं. ते परत भरायला माणूस लागतो. खरं बाळ का नाही आणत, असं मी एकदा विचारलं होतं.

"आणलं होतं वहिनी," ते म्हणाले. "खऱ्या रडण्याला कोणी हसत नाही. एका दिग्दर्शकाने हौसेने घेतलं, तर थेटरातल्या बायका उठून घरी फोन करायला गेल्या. लोकांना पोटात कालवाकालव नको असते. रडणं हवं, पण हसरं."

हे हसरं रडणं त्यांच्या गळ्यात कसं आलं, तेही ऐकण्यासारखं आहे. तरुणपणी ते डबिंगमध्ये पडेल ते करायचे. गर्दीतला माणूस, शेजारचा कुत्रा, खलनायकाच्या मागे उभा राहून "पकडा रे त्याला" म्हणणारा गुंड. एके दिवशी बाळाचा आवाज काढणारी बाई आली नाही. कुत्रा झालेला आहेच, आता बाळही होऊन बघ, असं कोणीतरी म्हणालं. आयाबुवा झाले. तेव्हापासून कोणी त्यांना कुत्रा होऊ दिलं नाही. पुढे रडून रडून घशात गाठ आली, शस्त्रक्रिया करावी लागली. भूल देणाऱ्या डॉक्टरीणबाईंनी आकडे उलटे मोजायला सांगितले, तर यांनी ते बोबड्या आवाजात मोजले. डॉक्टरीणबाई इतक्या हसल्या की सर्जनने त्यांच्याकडे रागाने बघितलं. ते लग्न तिथेच ठरलं म्हणायला हरकत नाही. सासूबाईंना मात्र "मुलगा सिनेमात ध्वनिविभागात आहे" एवढंच सांगण्यात आलं होतं. त्यात खोटं काहीच नव्हतं.

तो ध्वनिविभाग त्या सकाळी मेट्रनबाईंनी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिला. गुंडीला कडेवर घेऊन मी किल्लीने दार उघडलं. आतल्या बोळात एक मोठं कपड्यांचं कपाट आहे. त्यात कोट, रजया, स्वेटर गच्च भरलेले, कारण कपड्यांत आवाज घुमत नाही. मी कपाटाचं दार वाजवलं. आत रडणं थांबलं. दार उघडलं आणि बायकोच्या हिवाळी कोटामधून आयाबुवा प्रकट झाले. कानांवर हेडफोन, गळ्यात पंचा, चेहरा लालबुंद आणि घामाने डबडबलेला.

"आई? तुम्ही?"

"कपाटात काय करताय?"

"काम," ते म्हणाले.

मेट्रनबाई खाली बसल्या. त्यांना पाणी दिलं. पाणी संपल्यावर त्या सगळं एकदम बोलल्या. तळमजल्यावरच्या काकांचा फोन आला होता. गेल्या खेपेला त्यांनी नंबर मागून घेतला होता, काळजीपोटी. तुमची नात दिवसभर टाहो फोडत असते आणि तिच्याकडे कोणी बघत नाही, असं काकांचं म्हणणं. "आता कळलं की टाहो तिचा नाही. पण त्यामुळे मला बरं वाटावं असं काही नाही. मी हिला न्यायला आलेय. शाळेत जायची होईपर्यंत माझ्याकडे राहील. तुम्ही कपाटात बसा नाहीतर माळ्यावर बसा."

आयाबुवांचा लाल चेहरा पांढरा पडला. गुंडी आता त्यांच्या कडेवर होती आणि हेडफोनची वायर चघळत होती. त्यांनी ती वायर तिच्या तोंडातून काढली आणि तिच्या हातात गाजराचा तुकडा दिला. गाजर त्यांच्या खिशात होतं. त्या माणसाच्या खिशात नेहमी गाजर असतं.

"आई, आजचा दिवस बघा," ते म्हणाले. "संध्याकाळी ती आली की काय ते ठरवू."

"बघते की," मेट्रनबाई म्हणाल्या. त्यांनी घड्याळ काढून परीक्षा घ्यायला बसल्यासारख्या खुर्चीत बसून घेतलं, आणि मला म्हणाल्या, "तुम्ही पण येऊन जाऊन राहा. मागाहून कोणी म्हणायला नको, सासूने पक्षपात केला."

दुपारपर्यंत मी येऊन जाऊन राहिले. मेट्रनबाईंची अवस्था बघवत नव्हती, कारण त्यांना दोष सापडत नव्हता. आयाबुवांनी बटाटा कुस्करला, तो गुंडीच्या पोटात गेला, भिंतीवर नाही. अंघोळीचं पाणी त्यांनी कोपराने तपासलं. मेट्रनबाई मागे जाऊन स्वतःच्या कोपराने तपासून आल्या आणि परत खुर्चीत बसल्या. डायपर बदलताना त्यांना आशा वाटत होती, पण तेही काम बघता बघता उरकून गेलं. सिनेमावाल्यांनी असल्या बापाला दारात उभं केलं नसतं.

"तुमचे ते सिनेमे असेच असतात का?" त्यांनी विचारलं.

"छे. त्यात बाप ठार मूर्ख असतो. एकात त्याने बाळाला प्रवासाच्या बॅगेत घालून ऑफिसला नेलं. मी अगदी मनापासून रडलो."

मेट्रनबाईंच्या ओठाचा एक कोपरा हलला. त्यांनी तो लगेच जागेवर आणला.

जेवण झाल्यावर गुंडी निजली. बापाच्या रडण्याची तिला सवय, त्याने ती जागी होत नसे. बोळाच्या टोकाला निजायची खोली, तिथे तिचा कठड्याचा पलंग. खोलीचं दार किलकिलं ठेवून आयाबुवा बाहेर आले आणि काकुळतीने म्हणाले, "आई, सकाळी अर्धवट राहिलेलं काम आजच पाठवायचंय. एकदा फक्त ऐकून बघायचं. खोलीत कसं वाटतं ते कळावं लागतं. तुम्ही दोघी ऐका. तुमचा कान तर तयार आहे."

सकाळी फसलेल्या कानाची अशी तारीफ झाल्यावर मेट्रनबाई नाही म्हणू शकल्या नाहीत. मी चहा केला. स्पीकर बोळातल्या कपाटावर होता. आयाबुवांनी रिमोटचं बटण दाबलं आणि चहाचा कप घेऊन आमच्याजवळ येऊन बसले.

आधी भुकेचं रडणं झालं. "जास्त होतंय," मेट्रनबाई म्हणाल्या. "भुकेलं बाळ एवढा वेळ श्वास धरत नाही."

"हीरोला दूध सापडत नसतं ना. तेवढा वेळ भरून काढावा लागतो."

मग ओल्या लंगोटाचं झालं. ते त्यांना पटलं. मग हीरो साबणावरून घसरून पडतो तेव्हाचं. ते ऐकून मी हसले, आणि मेट्रनबाई चक्क खुदकन हसल्या. वातावरण इतकं निवळलं की मी दुसऱ्यांदा चहा ओतला. आयाबुवा सासूला सांगू लागले, नाकातून कसं काढायचं, घशातून कसं, शेवटी ओठ कसे थरथरवायचे. सासू म्हणाली, थरथर खालच्या ओठाची असते, वरच्या नाही. दोघं एकमेकांना ओठ थरथरवून दाखवत होते. तळमजल्यावरच्या काकांनी हे बघायला हवं होतं.

बोळातून पुढचं रडणं आलं. आम्ही तिघं कपाळाला आठ्या घालून, जाणकारांसारखे ऐकत राहिलो.

"हे छान आहे," मेट्रनबाई म्हणाल्या. "सुरुवात जरा तुमच्या नेहमीच्या वळणाची आहे. पण पुढचं चांगलं रंगलंय."

"मधला हुंदका मस्त घेतलात," मी म्हटलं.

"हो ना," मेट्रनबाई म्हणाल्या. "हा सगळ्यात खरा वाटतो."

आयाबुवा मान डोलावत होते. मग ती मान थांबली. "हुंदका मी घेतलेला नाही," ते सावकाश म्हणाले. त्यांनी हातातल्या रिमोटकडे बघितलं, मग बोळाकडे. "रेकॉर्डिंग संपलंय."

कप कुठे गेला ते मला दिसलं नाही. ते धावले, मागून सासू, मागून मी. गुंडीचा पाय पलंगाच्या दोन गजांमध्ये गुडघ्यापर्यंत अडकला होता. ती उलटी लोंबकळल्यासारखी झाली होती, चेहरा जांभळा आणि डोळ्यांतून धारा. आयाबुवांनी तिला उचलून धरलं, मेट्रनबाईंनी पाय हळूच तिरका करून सोडवला. मोडलं नव्हतं, मुरगळलंही नव्हतं. मेट्रनबाईंनी पाय दाबून, वाकवून, बोटं मोजून खात्री केली. गुडघ्यावर लाल वळ उमटला होता, तेवढंच. आजीच्या खांद्यावर गुंडी हळूहळू शांत झाली आणि तिच्या गळ्यातली माळ खाऊ लागली.

आयाबुवा फरशीवर बसले होते.

"मी बसून ऐकत होतो," ते म्हणाले. "ती हाका मारत होती आणि मी मान डोलावत होतो."

"आम्हीही," मी म्हटलं.

"तुम्ही शेजारी आहात वहिनी. मी बाप आहे."

मेट्रनबाई खिडकीपाशी उभ्या होत्या. त्या म्हणाल्या, "ती तुमच्यासारखीच रडते. जन्मल्यापासून तेच ऐकतेय. तिला वाटतं, रडायचं ते असंच. सुरुवात, तो लांब सूर, ते श्वास धरणं, सगळं तुमचं उचललंय पोरीने." आणि मग, हे बोलायला त्यांना जड गेलं असणार, "मलाही कळलं नाही."

संध्याकाळी डॉक्टरीणबाई घरी आल्या तेव्हा दारात गुंडीच्या कपड्यांची पिशवी भरून ठेवलेली होती. आईने भरली असेल असं त्यांना वाटलं आणि त्या आईवर उखडल्या. मी मुलाचा शाळेचा डबा घ्यायला गेले होते, तो सकाळी गडबडीत माझ्या हातून तिथेच राहिला होता. मला पळ काढता आला असता. काढला नाही.

"मी नाही भरली," मेट्रनबाई म्हणाल्या. "तुझ्या नवऱ्याने भरली."

"आईंकडे जाऊ दे तिला," आयाबुवा म्हणाले. डोळे लाल होते, पण आवाज त्यांचा स्वतःचा होता, जाडाभरडा, बाप्या माणसाचा. "मला माझ्याच पोरीचं रडणं ओळखता येत नाही. आज पाय होता. उद्या मान असेल."

डॉक्टरीणबाईंनी सगळं ऐकून घेतलं. चपला काढल्या. लेकीचा गुडघा दिव्याखाली धरून बघितला.

"आईला ओळखता आलं?" त्यांनी विचारलं.

मेट्रनबाई गळ्यातली माळ सारखी करू लागल्या.

"मग तिकडे पाठवून काय फरक पडणार? तिथे आई टीव्ही बघत बसेल, त्यात तूच रडत असशील."

मला हसू आवरेना. मेट्रनबाईंनी माझ्याकडे रागाने बघितलं आणि मग त्यांनाही आवरेना. आयाबुवा तेवढे हसले नाहीत. पण त्यांनी उठून पिशवी दारातून आत नेली, आणि तिच्यातून एक एक झबलं काढून परत खणात ठेवू लागले. ते काम त्यांनी इतक्या हळू केलं की कोणी त्यांना मदत करायला गेलं नाही.

मग मेट्रनबाईंनी हुकूम सोडले. पोर इथेच राहील. पलंगाचे गज उद्याच्या उद्या जाळी लावून बंद. घरात रडणं बंद, त्यासाठी स्टुडिओत जायचं, संध्याकाळी बायको आल्यावर. आणि तळमजल्यावरच्या काकांकडे त्या स्वतः जाऊन येणार होत्या. त्या खाली गेल्या तेव्हा जिन्यातून बराच वेळ एकच आवाज ऐकू येत होता, आणि तो काकांचा नव्हता. दुसऱ्या दिवशी त्या गेल्या. जाताना माझ्या पायपुसण्याला काही बोलल्या नाहीत.

त्यानंतर समोरच्या घरात शांतता आहे. कपाटात आता फक्त कपडे असतात. बिल्डिंगमधल्या लोकांना मात्र चुकल्याचुकल्यासारखं होतं. हे सकाळी मोजा शोधताना म्हणतात, "आज कसं कोणी रडत नाही?" काम थोडं कमी झालं असावं, कारण आयाबुवांना प्रत्येक संध्याकाळी जाता येत नाही. एखादा नवा बापाचा सिनेमा आला आणि त्यात कोणी दुसराच रडत असला, तर मला लगेच कळतं. तो नुसतं नाकातून काढतो.

परवा ते सकाळी दारात आले. गुंडीला माझ्याकडे दिलं, खिशातलं गाजर दिलं, आणि जाईनात. पायपुसण्यावर पाय पुसत राहिले, आत यायचं नसतानाही.

"काय झालं?" मी विचारलं.

"वहिनी, ती तुमच्याकडे रडते का हो कधी?"

"रडते की. पातेलं काढून घेतलं की रडते."

"कशी?"

मला सांगता येईना. मी त्यांच्यासारखं करून दाखवू शकत नाही. मी म्हटलं, "रडते, झालं. मी उचलते, ती थांबते. माझं लक्ष कुठे असतं तेव्हा."

ते मान हलवत राहिले. "माझ्यासमोर ती माझंच रडते. मी आहे हे बघून तसं करत असेल. तुमच्याकडे कदाचित वेगळं असेल." गुंडीने त्यांची बाही धरली होती, ती त्यांनी हळूच सोडवली. "एक काम कराल? पुढच्या वेळी रडली ना, की लगेच उचलू नका. आधी मला हाक मारा. मी आत येणार नाही, इथेच दाराबाहेर उभा राहीन. मला एकदा तिचं रडणं ऐकायचंय."